बास्केटबॉलमधील परदेशी करार: पालकांनी आधी काय तपासावे

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

शाळांच्या परीक्षा आटोपल्या की गावोगाव उन्हाळी शिबिरांचे फलक लागतात. बास्केटबॉलच्या जाहिरातींत हल्ली 'परदेशी लीगमध्ये संधी', 'अमेरिकेत शिष्यवृत्ती' असे शब्द असतात आणि त्याखाली शुल्काचा आकडा. व्यावसायिक खेळाडूला क्लब पैसे देतो, खेळाडू क्लबला देत नाही, हे आधी स्पष्ट लिहितो. निवड चाचणीसाठी कोणी लाखभर रुपये आगाऊ मागत असेल तर तो मुलाची नोकरी ठरवत नाही, सहल विकतो आहे. यंत्रमागावर आणि विड्या वळून घर चालवणाऱ्या सोलापुरातल्या आईबापांनी असे पैसे कर्ज काढून भरू नयेत, या कळकळीने हे पत्र सविस्तर लिहीत आहोत.

परदेशी कारकीर्द म्हटले की डोळ्यांसमोर अमेरिकेतली व्यावसायिक लीग एनबीए येते. तिथे ३० संघ, प्रत्येक संघात १५ नियमित करार. साऱ्या जगातून मिळून साडेचारशे जागा. पंजाबातल्या बल्लो के गावचा सतनामसिंग भामरा १४ व्या वर्षी फ्लोरिडातल्या आयएमजी अकादमीत शिष्यवृत्तीवर गेला आणि २०१५ च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे एनबीएच्या संघांनी नवे खेळाडू निवडण्याच्या फेऱ्यांत, डॅलस मॅव्हरिक्सने त्याला ५२ व्या क्रमांकावर निवडले. निवडला गेलेला तो पहिला भारतीय. पण मुख्य संघाकडून तो एकही सामना खेळला नाही. डॅलसच्या दुय्यम संघात, टेक्सास लेजंड्समध्ये खेळला. कारण साधे आहे. ड्राफ्टच्या पहिल्या फेरीत निवड झाली की कराराची श्रेणी ठरलेली असते. दुसऱ्या फेरीतल्या खेळाडूला कराराची हमी नसते. वर्तमानपत्रात 'एनबीएत निवड' छापून येते, हातात मात्र शिबिराचे निमंत्रणच असते. हा फरक पालकांना कोणी सांगत नाही.

सतनामची वाट वगळली तर बाकीच्यांच्या वाटा अधिक शिकवणाऱ्या आहेत. केरळची गीतू अ‍ॅना जोस २००६ पासून तीन हंगाम ऑस्ट्रेलियात मेलबर्नजवळच्या रिंगवूड क्लबकडून खेळली आणि २०११ मध्ये तिने डब्ल्यूएनबीए या अमेरिकेतल्या महिलांच्या लीगमधल्या संघांसमोर चाचणी दिली. अमृतपालसिंग शेतकऱ्याचा मुलगा. कबड्डी सोडून अठराव्या-एकोणिसाव्या वर्षी बास्केटबॉल हातात घेतला आणि २०१७ मध्ये सिडनी किंग्जशी करार केला. अमज्योतसिंग जपानमध्ये खेळून त्याच वर्षी एनबीएच्या दुय्यम लीगमध्ये ओक्लाहोमा सिटी ब्लू संघात पोहोचला. प्रिन्सपालसिंग २०२१ मध्ये एनबीएची समर लीग ही उन्हाळी स्पर्धा जिंकणाऱ्या सॅक्रामेंटो किंग्जच्या संघात होता. यातले कोणी एका उडीत वर गेले नाही. आधी भारतीय संघ, मग आशियाई स्पर्धांतले सामने, त्या सामन्यांचे चित्रीकरण, मग लहान लीग, असा क्रम बहुतेकांच्या बाबतीत दिसतो.

लहान लीगमध्येही एक अडसर असतो, तो म्हणजे परदेशी खेळाडूंची मर्यादा. अनेक देशांत एका संघाला मोजकेच परदेशी चालतात. क्लब ती जागा खर्च करतो तेव्हा त्याला पहिल्या दिवसापासून गुण करणारा माणूस हवा असतो. म्हणजे आपल्या मुलाची स्पर्धा त्या गावातल्या मुलांशी नसते, अमेरिकेच्या कॉलेजांतून दरवर्षी बाहेर पडणाऱ्या खेळाडूंशी असते. जपानच्या बी. लीगने २०२० मध्ये आशियाई खेळाडूंसाठी वेगळी जागा ठेवली, पण ती चीन, तैवान, कोरिया, फिलिपिन्स आणि इंडोनेशियासाठी. भारत त्या यादीत नव्हता. कोरियाने आधी जपानला आणि २०२२ मध्ये फिलिपिन्सला दार उघडले. 'आशियात तर सहज मिळेल' असे कोणी म्हणाले, तर त्या लीगच्या चालू हंगामाच्या नियमात भारतीय कोणत्या रकान्यात मोजला जातो हे लेखी मागावे.

दुसरी गोष्ट उंचीची. आपल्याकडे सहा फूट तीन-चार इंचांचा मुलगा दिसला की त्याला रिंगखाली उभे करतात. तो रिंगवरून उसळलेला चेंडू (रिबाउंड) घेतो, जवळून टाकतो, जिल्हा जिंकून देतो. परदेशात त्या उंचीचा खेळाडू गार्ड, म्हणजे चेंडू हाताळून खेळ रचणारा, असतो. त्याला दबावाखाली चेंडू पुढे न्यावा लागतो, डाव्या हाताने पास द्यावा लागतो, स्क्रीनवरून, म्हणजे वाट अडवून उभ्या असलेल्या सहकाऱ्याला, वळसा घेऊन लांबून टाकावे लागते. वीस वर्षांपर्यंत ज्याने मैदानाच्या मध्याच्या पलीकडे ड्रिबल केलेच नाही, त्याला ते तिथे कोणी शिकवत बसत नाही. म्हणून चौदा-पंधराव्या वर्षी संघातल्या सर्वांत उंच मुलालाही रोज अर्धा तास चेंडू हाताळायला लावावा, सामना हरला तरी चालेल. उंची बूट काढून मोजावी. एनबीएनेही २०१९ पासून संघांना बुटांशिवायची उंची नोंदवायला लावली आहे. खोटी लिहिलेली उंची पहिल्याच सरावात उघडी पडते.

आता मैदानाबद्दल, कारण इथे सोलापूरला स्वतःच्या हातांनी करण्यासारखे पुष्कळ आहे. जागतिक महासंघ फिबाने २०१० मध्ये तीन गुणांची रेषा ६.२५ मीटरवरून ६.७५ मीटरवर नेली आणि रिंगखालचा समलंब चौकोन काढून ४.९० बाय ५.८० मीटरचा आयत आणला. जिथे अजून जुना पसरट चौकोन रंगवलेला दिसतो, तिथली तीन गुणांची रेषाही बहुधा जुनीच असते. त्या रेषेवरून रोज शंभर शॉट टाकणारा मुलगा अर्धा मीटर जवळून सराव करतो आणि बाहेर गेला की चेंडू रिंगच्या पुढच्या कडेवर आदळू लागतो. त्याला वाटते हात गेला. खरे तर माप चुकलेले असते. रेषा आखायला मोठा खर्च नाही. रिंगच्या मध्यावरून ओळंबा सोडावा. तो बिंदू शेवटच्या रेषेच्या आतल्या कडेपासून १.५७५ मीटरवर यायला हवा. येत नसेल तर खांब सरकलेला आहे. त्या बिंदूवर सुतळी धरून ६.७५ मीटरचा कंस काढावा, आणि हे माप रेषेच्या बाहेरच्या कडेपर्यंतचे. दोन्ही बाजूंना बाजूरेषेच्या आतल्या कडेपासून ९० सेंटिमीटरवर सरळ रेषा ओढून कंसाला मिळवावी. त्यामुळे कोपऱ्यात अंतर ६.६० मीटर भरते.

रिंगची उंची ३.०५ मीटर. जुन्या मैदानावर सिमेंटचा नवा थर दिला की जमीन वर येते, खांब मात्र तिथेच राहतो. पाच सेंटिमीटरचा थर चढला की रिंग तीन मीटरवर आली. टेप लावून रिंगच्या वरच्या कडेपासून जमिनीपर्यंत मोजले की दोन मिनिटांत कळते. चेंडूही तपासावा. १.८० मीटरवरून (चेंडूच्या खालच्या बाजूपर्यंत मोजून) सोडला तर उसळून त्याची वरची बाजू १.२० ते १.४० मीटरपर्यंत यावी. फुगवून दगड केलेला चेंडू रिंगवरून लांब उडतो आणि मुले मऊ हाताने टाकायचे विसरतात.

सिमेंटचा खरा फटका गुडघ्याला आणि नडगीला बसतो. परदेशी क्लब लाकडी फळ्यांच्या मैदानावर खेळतात; ते थोडे दबते, धक्का शोषते. सिमेंटवर वर्षानुवर्षे उड्या मारलेल्या मुलाच्या गुडघ्याच्या वाटीखालचा कंडरा सुजतो, नडगीच्या हाडाला बारीक चीर पडते. ती साध्या एक्स-रेत पुष्कळदा दिसत नाही, एमआरआयमध्ये दिसते. करार झाल्यावर क्लबची वैद्यकीय तपासणी होते आणि तिथे हे बाहेर आले की करार रद्द. म्हणून सोळा वर्षांखालच्या मुलांच्या उड्यांचा सराव आठवड्यात दोन-तीन दिवसच ठेवावा, तोही जमेल तिथे मातीवर किंवा मॅटवर. एप्रिल-मेमध्ये पारा चाळिशी ओलांडतो, सिमेंट संध्याकाळपर्यंत तापलेले असते. पहाटे सहाला सुरू करून आठला थांबणे, हेच सोलापूरचे वेळापत्रक असले पाहिजे.

कागदपत्रांकडे येतो. खेळ चांगला असूनही मुले इथेच अडकतात. आपल्याकडे शाळेच्या दाखल्यावर आडनाव आधी, मग नाव, मग वडिलांचे नाव. आधारवर उलट क्रम. पासपोर्टवर वडिलांचे नाव कधी नावाच्या रकान्यात जाते, कधी गळून पडते. तेलुगू आणि कन्नड घरांतल्या आडनावांचे इंग्रजी स्पेलिंग प्रत्येक कागदावर वेगळे. महापालिकेचा जन्मदाखला, शाळा सोडल्याचा दाखला, दहावीचे प्रमाणपत्र, आधार आणि पासपोर्ट या पाचांवर नाव आणि जन्मतारीख अक्षरशः सारखी हवी. दुरुस्ती करायची तर जन्मदाखल्यापासून सुरुवात करावी आणि दहावीचा अर्ज भरण्याआधी करावी. बोर्डाचे प्रमाणपत्र एकदा निघाले की महिने जातात. वयोगटाच्या स्पर्धेसाठी तारीख पुढे ढकलण्याचा उद्योग कोणी सुचवला तर त्याला दारातून परत पाठवावे. आंतरराष्ट्रीय नोंदणीत ती तारीख कायमची चिकटते, आणि खोटी निघाली तर कारकीर्द तिथेच संपते.

फिबाच्या नियमाने १८ वर्षे पूर्ण होण्याआधी परदेशी क्लबकडे बदली होत नाही. पालकांचे स्थलांतर, शिक्षण असे मोजके अपवाद आहेत. अठरानंतर भारतीय महासंघाकडून ना-हरकत पत्र लागते, त्याला लेटर ऑफ क्लिअरन्स म्हणतात. हे पत्र परदेशी क्लबच्या देशाचा महासंघ मागवतो. आधीच्या क्लबशी करार चालू असेल तर ते अडते. म्हणून इथल्या कुठल्याही संघाच्या कागदावर सही करताना मुदत वाचावी, एक प्रत घरी ठेवावी. एजंट परवानाधारक आहे की नाही हे फिबाच्या संकेतस्थळावरच्या यादीत पाहता येते. त्याचे कमिशन साधारण दहा टक्क्यांपर्यंत असते, ते बहुधा क्लबच देतो, आणि करार झाल्यावरच द्यायचे असते.

एजंटला पाठवायच्या चित्रीकरणाबद्दल थोडे. गाणे लावलेली, उडी मारून चेंडू रिंगेत कोंबण्याची (डंकची) क्लिप कोणी गंभीरपणे पाहत नाही. दोन-तीन पूर्ण सामने हवेत. कॅमेरा मध्यरेषेवर, प्रेक्षकांच्या डोक्यांवरून, स्थिर. जर्सीचा क्रमांक वाचता यावा, धावफलक अधूनमधून दिसावा. बचाव करताना मुलगा परत धावतो का, चुकल्यावर खांदे पाडतो का, हे पाहणारा तिथे बसलेला असतो.

अमेरिकी कॉलेजची वाट वेगळी आहे आणि अभ्यासात बऱ्या असलेल्या मुलामुलींसाठी आम्हाला ती जास्त भरवशाची वाटते. हरसिमरन कौर सॅन डिएगो विद्यापीठात आणि संजना रमेश नॉर्दर्न अ‍ॅरिझोना विद्यापीठात याच वाटेने गेल्या. तिथल्या कॉलेज खेळांची संघटना एनसीएए कॉलेजांचे तीन विभाग करते. सर्वांत वरच्या, पहिल्या विभागासाठी ती १६ मुख्य विषय आणि किमान २.३ ची श्रेणीसरासरी पाहते आणि गुणपत्रिका नववीपासूनच्या मागते. आपल्याकडे नववीची गुणपत्रिका कोणी जपून ठेवत नाही. ती आजच शाळेतून शिक्क्यासह घ्यावी. मराठी माध्यमाच्या मुलांना मूळ प्रतीसोबत इंग्रजी भाषांतरही लागते. तिसऱ्या विभागातली कॉलेजे खेळासाठी शिष्यवृत्ती देतच नाहीत, त्यामुळे 'अमेरिकन कॉलेजमध्ये प्रवेश' या शब्दांना भुलू नये. विभाग कोणता आणि शिष्यवृत्तीत शिक्षणशुल्क, राहणे, जेवण, पुस्तके यांपैकी काय येते ते लेखी घ्यावे. बारावीनंतर 'तयारीसाठी' वर्ष-दोन वर्षे घालवू नयेत आणि पगारी करारावर सही करू नये. दोन्हींमुळे पात्रता धोक्यात येऊ शकते. विद्यार्थी व्हिसावर बाहेर काम करून पैसे मिळवायला बंधने आहेत, हेही आधीच माहीत असावे.

आता करार. युरोपातल्या खालच्या विभागात महिना हजार-दोन हजार युरो, राहायला सामानासह घर आणि जाण्या-येण्याचे विमान तिकीट, असा सर्वसाधारण प्रकार असतो. हंगाम ऑगस्ट-सप्टेंबरपासून एप्रिल-मेपर्यंत, म्हणजे पगार आठ-नऊ महिनेच. रकमेपुढे 'नेट' लिहिले आहे का पाहावे. नसेल तर कर कापून हातात बरेच कमी येते. 'नेट' असल्यास कर क्लब भरतो, आणि भरल्याचा दाखला मागून घ्यावा लागतो, नाहीतर इथे प्राप्तिकराच्या वेळी अडचण होते. हप्त्यांच्या तारखा कलमात असाव्यात. 'दरमहा' एवढाच शब्द असेल तर क्लब महिनाअखेरीचा पगार पुढच्या महिन्याच्या पंचवीस तारखेला देतो आणि तो उशीर ठरत नाही. उशीर किती दिवसांचा झाला की खेळाडूने खेळणे थांबवावे आणि किती दिवसांनी करार मोडून उरलेली रक्कम मागावी, हे दोन वेगळे आकडे हवेत.

चाचणीचे कलम सर्वांत घातक. 'पहिले तीस दिवस क्लब समाधानी नसेल तर करार रद्द' असे असेल तर तो करार महिनाभराचाच समजावा. वैद्यकीय तपासणी पोहोचल्यापासून दोन-तीन दिवसांत व्हावी, आणि तीत उत्तीर्ण झाल्यावर करार पक्का मानला जावा. सामन्यात किंवा सरावात इजा झाली तर उपचार क्लबच्या खर्चाने आणि पगार चालू, हे स्पष्ट लिहून घ्यावे. गुडघ्याचे क्रॉस लिगामेंट तुटले तर परत यायला आठ-नऊ महिने सहज जातात. त्या कलमाशिवाय हा सगळा काळ घरच्यांच्या खिशातून जातो.

आणि शेवटचे कलम वादाचे. जिनिव्हात बास्केटबॉल लवाद न्यायाधिकरण आहे, फिबाने २००७ मध्ये सुरू केलेले. करारात त्याचा उल्लेख असेल तर थकलेल्या पगारासाठी तिथे दाद मागता येते आणि निकाल न पाळणाऱ्या क्लबवर नव्या खेळाडूंची नोंदणी करण्यास बंदी येऊ शकते. उल्लेख नसेल तर त्या देशाच्या न्यायालयात, त्या देशाच्या भाषेत लढावे लागते. ही एक ओळ नसलेल्या करारावर सही करू नये, असे आमचे ठाम मत आहे.

तिथला दिवस कसा असतो? सकाळी वजनांचा व्यायाम आणि शॉट, दुपारी विश्रांती, संध्याकाळी संघाचा दोन तासांचा सराव, शनिवार-रविवारी सामना, त्यासाठी पाच-सहा तासांचा बसप्रवास. स्वयंपाक स्वतः करायचा. वरण-भात, अंडी, दूध एवढे करता आले तरी पुष्कळ. शाकाहारी मुलांनी तर जाण्याआधी सहा महिने घरच्या स्वयंपाकघरात शिकून घ्यावे. जानेवारीत इथे गड्ड्याची यात्रा भरते तेव्हा तिथे हंगाम ऐन मध्यावर असतो, बाहेर साडेचारला अंधार पडतो, आणि बहुतेक मुले मनाने याच दिवसांत ढेपाळतात. घरच्यांनी फोनवर गुण विचारू नयेत, जेवलास का विचारावे.

औषधांबाबत कडक राहावे. सतनामवर २०१९ च्या चाचणीनंतर उत्तेजक द्रव्यासाठी दोन वर्षांची बंदी आली. बाजारातल्या प्रोटीनच्या डब्यात, सर्दीच्या गोळीत, ताकदीच्या चूर्णात काय आहे हे लेबलवर पूर्ण असतेच असे नाही, आणि नियम असा की शरीरात जे सापडेल त्याला खेळाडूच जबाबदार. ज्या देशात जायचे तिथला कायदाही पाहावा. अमेरिकेची बास्केटबॉलपटू ब्रिटनी ग्राइनर २०२२ मध्ये मॉस्को विमानतळावर सामानातल्या गांजाच्या तेलाच्या कुप्यांमुळे पकडली गेली आणि दहा महिने कैदेत होती. बिनलेबलची पुडी कितीही मायेने दिलेली असो, बॅगेत जाऊ नये.

सोलापुरातल्या शाळा, महाविद्यालये आणि महापालिका यांच्याकडे आमचे एवढेच मागणे आहे. जूनमध्ये शाळा उघडण्याआधी आपापल्या मैदानावर टेप लावा. रिंगची उंची, तीन गुणांची रेषा, बोर्डाची खालची कडा २.९० मीटरवर आहे का, हे एका कागदावर लिहून मैदानाच्या दारावर लावा. जिथे माप चुकले असेल तिथे रेषा आखून द्यायला आणि खांब तपासायला आम्ही सुटीच्या दिवशी सुतळी, ओळंबा आणि रंग घेऊन येऊ. ज्या पालकांच्या हातात परदेशी करार किंवा शिबिराचा कागद आला आहे, त्यांनी सहीआधी तो दाखवावा. वाचून देण्याचे आम्ही पैसे घेत नाही.

आपले,
सोलापुरातील काही बास्केटबॉल प्रशिक्षक आणि पंच